कॅमेरा किती उंचीवर धरायचा?

वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरे

या सदरात माहितीपटावर टिपण आल्यानंतर गेल्या दोन महिन्यांत आलेल्या पत्रांपैकी निम्म्याहून अधिक पत्रे सोलापूर शहर आणि जिल्ह्यातली आहेत. हे सदर लिहिणारा स्वतः सोलापूरचा असल्यामुळे निवडीत थोडा पक्षपात झाला असेल, तो वाचकांनी पदरात घ्यावा. ज्या शहरात सकाळच्या चहापासून रात्री दुकाने बंद होईपर्यंत मराठी, कन्नड, तेलुगू आणि उर्दू अशा चारही भाषा कानावर पडतात, तेथे कोणाची गोष्ट कोणी सांगायची हा प्रश्न पुस्तकापुरता राहत नाही. एकाच आशयाची पत्रे एकत्र केली असून पत्रलेखकांची नावे त्यांच्या सोयीसाठी वगळली आहेत.

प्रश्न : मी पत्रकारितेच्या पदव्युत्तर वर्गात शिकते. माझी आई आणि मावशी दोघीही विड्या वळतात. विडी कामगार महिलांना आवाज मिळवून देणारा वीस मिनिटांचा माहितीपट मला प्रकल्पासाठी करायचा आहे. निवेदन भारदस्त हवे आणि गरिबी व आजारपण पहिल्या दोन मिनिटांत दिसले पाहिजे, असे मला सांगण्यात आले आहे. सुरुवात कोठून करावी? – एक विद्यार्थिनी, अशोक चौक परिसर, सोलापूर

उत्तर : आपल्या पत्रातल्या ‘आवाज मिळवून देणे’ या शब्दांपाशी मी अडलो. ब्रँचमध्ये, म्हणजे कारखान्याच्या माल जमा करण्याच्या केंद्रात, विड्या तपासून घेताना छाट (नापास ठरवून बाजूला काढलेल्या विड्या) जास्त निघाली तर आपली मावशी ज्या आवाजात भांडत असेल, तो तिला कोणी मिळवून दिलेला नाही. मजुरीसाठी आणि घरांसाठी याच बायकांनी आंदोलनांची जागा असलेल्या पूनम गेटसमोर किती वेळा ठाण मांडले, हे शहरात कोणालाही विचारावे. कुंभारीच्या माळावर गोदूताई परुळेकर वसाहतीतली दहा हजार घरे उभी राहिली, ती काही कोणी कॅमेरा घेऊन गेल्यामुळे नव्हे. तेव्हा आवाज आहे, आणि चांगला खणखणीत आहे. अडते ते पुढे, म्हणजे त्या बोलण्यातले कोणते वाक्य ठेवायचे आणि कोणते कापायचे हे ज्या टेबलावर ठरते, तेथे त्या बाईला कोणी बोलावत नाही. माहितीपट करणाऱ्याच्या हाती जी सत्ता असते, ती बहुतांशी या टेबलावरची असते, आणि आपल्याला सुरुवात करायची आहे ती ही गोष्ट मान्य करून.

पहिले पंधरा दिवस कॅमेरा कपाटात ठेवा. आपण घरच्याच असल्याने आपल्याला सगळे ठाऊक आहे असे वाटेल आणि नेमकी हीच अडचण आहे, कारण जे रोज दिसते ते नोंदवायचे राहून जाते. सकाळी पाने ओल्या फडक्यातून बाहेर येतात तेव्हापासून तयार माल घेऊन मावशी ब्रँचकडे निघते तोपर्यंत काय काय होते, ते वहीत उतरवून काढा. मांडीवर सूप, सुपात तंबाखू, शेजारी पत्र्याच्या मापाने कापलेल्या पानांची चळत. एक पान उचलायचे, बोटावर पसरायचे, चिमूटभर तंबाखू ठेवायची, वळायचे, तोंड दुमडायचे आणि दोरा गुंडाळायचा. हे सारे ती शेजारणीशी बोलत, मुलाला ओरडत, दूरदर्शन संचावरच्या मालिकेवर शेरे मारत करते आणि तिची नजर हातांकडे क्वचितच जाते. आता तिच्यासमोर कॅमेरा ठेवून पाहा. ती उठेल, ठेवणीतले लुगडे नेसेल, सूप बाजूला सारेल, भिंतीला टेकून ताठ बसेल आणि ‘विचार गं’ म्हणेल. त्या क्षणी दोन गोष्टी बिघडल्या आहेत : तिचे बोलणे मुलाखतीचे झाले आहे आणि तिची मजुरी थांबली आहे. हजार विड्यांच्या हिशेबावर जिचा दिवस चालतो, तिचे हात अर्धा तास थांबवणे म्हणजे तिच्या पदरातून पैसे काढून घेणे होय. म्हणून हात चालू असतानाच बोलू द्यावे. बोलता बोलता मध्येच ती ‘थांब, दोरा संपला’ म्हणेल, तेही ठेवावे.

आपल्या घरी तेलुगू बोलत असतील, तर तिला तेलुगूतच बोलू द्या आणि खाली मराठी अक्षरे द्या. कॅमेऱ्यासमोर ‘चांगले मराठी’ बोलायला लावल्यावर जी बाई दिसते ती अडखळणारी, गरीब, बिचारी दिसते. आणि मग प्रेक्षकाला वाटते की ती तशीच आहे. ही अक्षरे लिहिताना तिची वाक्ये व्याकरणशुद्ध करण्याच्या भानगडीत पडू नये.

आता कॅमेऱ्याच्या उंचीविषयी. आपल्या शहरातून हैदराबादकडे निघालेला महामार्ग नळदुर्ग, उमरगा करीत पुढे तेलंगणातल्या जहीराबादला पोहोचतो. तेथून जवळच पस्तापूर नावाचे गाव आहे. तेथे डेक्कन डेव्हलपमेंट सोसायटी या स्वयंसेवी संस्थेच्या संघमांतील, म्हणजे गावोगावच्या महिला मंडळांतील, दलित शेतकरी स्त्रिया गेली पंचवीस वर्षे स्वतः चित्रीकरण करीत आल्या आहेत; त्यांतल्या कितीतरी जणींनी शाळेचे तोंड पाहिलेले नव्हते. कॅमेरा शिकताना त्यांनी प्रशिक्षकांची इंग्रजी परिभाषा बाजूला ठेवून आपली स्वतःची परिभाषा तयार केली. वरून खाली पाहणाऱ्या दृश्याला त्यांनी नाव दिले ‘पटेल शॉट’, कारण गावचा जमीनदार त्यांच्याकडे तसा पाहत असे. खालून वर पाहणाऱ्या दृश्याला त्यांनी गड्याचे, म्हणजे वेठीला बांधलेल्या माणसाचे दृश्य म्हटले. आणि समोरच्याच्या डोळ्यांच्या रेषेत धरलेल्या कॅमेऱ्याला म्हटले ‘संघम शॉट’, कारण संघमाच्या बैठकीत सगळ्या जणी जमिनीवर एका पातळीवर बसतात. चित्रपटशास्त्राच्या जाडजूड ग्रंथांत या विषयावर जे लिहिले आहे, त्यापेक्षा मला या तीन नावांनी अधिक शिकवले. आपली मावशी जमिनीवर बसलेली असते. आपण उभे राहून खांद्यावरून चित्रीकरण केले, की मनात कितीही आदर असला तरी पडद्यावर पटेल शॉटच उमटतो. फरशीवर मांडी घालून बसा. गुडघे दुखतील, त्याला इलाज नाही.

भारदस्त निवेदनाविषयी माझे मत प्रतिकूल आहे. ही सवय आपल्याला १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनने लावली. तिचे वार्तापट आणि माहितीपट चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी सक्तीने दाखवले जात आणि त्यांतला तो घोगरा, सर्वज्ञ आवाज देशातल्या प्रत्येक धरणाविषयी आणि प्रत्येक जमातीविषयी एकाच सुरात बोलत असे. (त्या संस्थेत उत्तम काम करणारी माणसे होती, हेही खरे.) मावशी स्वतः सांगू शकते ते सांगायला निवेदक कशाला? मजुरीचा दर, कायद्याचे नाव, वर्ष अशी तिच्या बोलण्यात न येणारी माहिती पडद्यावर अक्षरांत द्यावी. गरिबी आणि खोकला लपवू नका. पण पहिल्या दोन मिनिटांत खोकला दाखवला की पुढची अठरा मिनिटे प्रेक्षक फक्त खोकणारी बाई पाहतो. त्याआधी तिला एकदा भांडताना दिसू द्या.

प्रश्न : आम्ही सेटलमेंट भागात राहतो. ३१ ऑगस्ट जवळ आला की पुण्या-मुंबईहून कॅमेरे येतात. आमच्या वडीलधाऱ्यांना तेच तेच विचारतात, तारेच्या कुंपणाच्या जागा दाखवायला लावतात, निघून जातात. एका माहितीपटात माझ्या आजोबांचा चेहरा आणि त्याखाली ‘गुन्हेगार जमात’ ही अक्षरे होती. तो चित्रपट आम्हाला कोणी दाखवला नाही, तो नातवाला मोबाईलवर सापडला. आम्ही यापुढे नकार द्यावा काय? – एक वाचक, सोलापूर

उत्तर : द्यावा. नकार देण्याचा आपला हक्क आधी स्पष्ट असला, तरच होकाराला काही किंमत येते.

ज्यांना संदर्भ ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. १८७१ सालच्या गुन्हेगार जमाती कायद्याने संपूर्ण जमातींनाच जन्मतः गुन्हेगार ठरवले. मुंबई इलाख्यात या जमातींसाठी ज्या वसाहती झाल्या, त्यांतली सोलापूरची वसाहत मोठी होती. कुंपण, हजेरी आणि गिरणीतले काम यांत लोकांच्या पिढ्या गेल्या. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी हा कायदा रद्द झाला, म्हणून तो दिवस विमुक्त दिन मानला जातो. कायदा जाऊन सत्तर वर्षे उलटली, तरी वस्तीचे नाव ‘सेटलमेंट’ हेच राहिले आणि ते नाव सांगितल्यावर समोरच्याची नजर कशी बदलते, ते आपल्याला माझ्यापेक्षा अधिक ठाऊक आहे. ज्या शिक्क्याविरुद्ध माहितीपट काढल्याचा दावा आहे, तोच शिक्का आजोबांच्या चेहऱ्याखाली मारणे ही संकलनातली किरकोळ चूक म्हणता येणार नाही. अवतरणचिन्हे घातली होती, असा खुलासा संबंधितांकडून येईल. मोबाईलच्या पडद्यावर अवतरणचिन्हे कोणाला दिसतात?

हेतू चांगला असतानाही असे घडू शकते. उत्तर प्रदेशातल्या बुंदेलखंड भागात दलित स्त्रियांच्या पुढाकाराने चालणाऱ्या ‘खबर लहरिया’ या वृत्तसंस्थेवरचा ‘रायटिंग विथ फायर’ हा माहितीपट २०२२ साली ऑस्करच्या अंतिम नामांकनांत पोहोचला. समारंभाच्या काही दिवस आधी त्या संस्थेनेच निवेदन काढले, की चित्रपट प्रभावी असला तरी त्यात दिसणारी संस्था आमची नाही. आमच्या कामाचा एक तुकडा उचलून तोच सगळा असल्यासारखा मांडला आहे. चित्रपट वाईट होता असे मी म्हणणार नाही. मला तो आवडला होता. पण ज्यांच्यावर तो होता त्यांना निवेदन काढून स्वतःचे म्हणणे सांगावे लागले, एवढी गोष्ट आपल्या धंद्यातल्या प्रत्येकाने लक्षात ठेवावी.

याच्या उलट उदाहरण जुने आहे. १९६७ साली कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळातर्फे कॉलिन लो हे दिग्दर्शक न्यूफाउंडलंडजवळच्या फोगो बेटावर गेले. मासेमारी खालावली होती आणि बेटावरच्या लोकांना उठवून अन्यत्र वसवावे असा सरकारचा विचार चालू होता. लो यांनी एक मोठा चित्रपट काढण्याऐवजी पंचवीसहून अधिक लहान चित्रपट काढले. प्रत्येकात एक माणूस किंवा एक प्रसंग असे, कारण एकाच्या बोलण्याला दुसऱ्याच्या बोलण्याने छेद देत गेले की गावात भांडणे लागतात आणि दिग्दर्शकाला मात्र नाट्य मिळते, हे त्यांनी ओळखले होते. ज्याचे चित्रण त्याला आधी दाखवायचे, त्याला नको असलेला भाग काढायचा, मग बेटावरच्या इतर वाड्यांत दाखवायचे आणि त्यानंतरच मंत्र्यांसमोर न्यायचे, असा क्रम ठरला. एका वाडीचे लोक दुसऱ्या वाडीचे म्हणणे पहिल्यांदाच नीट ऐकत होते. पुढे मच्छीमारांची सहकारी संस्था उभी राहिली आणि बेट उठले नाही. याचे सगळे श्रेय चित्रपटांना देणे भाबडेपणाचे होईल, पण दाखवण्याचा तो क्रम मला आजही अनुकरणीय वाटतो.

तेव्हा पुढच्या वेळी कोणी आले, तर अटी आपण घाला, आणि कागदावर घाला. पहिला मसुदा मुंबईत दाखवण्याआधी वस्तीत दाखवला जाईल, नावाखाली कोणता शब्द यावा हे ज्याचा चेहरा आहे तो सांगेल, आणि पूर्ण झालेल्या चित्रपटाची प्रत वस्तीकडे राहील, एवढे तरी त्यात असावे. आपल्याकडच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे चित्रपटाचा पहिला मालक निर्माता असतो आणि त्याचा हक्क साठ वर्षे टिकतो. ज्याने आपले आयुष्य सांगितले तो त्या चित्रपटाचा मालक नसतो. वेगळा लेखी करार केला तरच यात वाटा मागता येतो, म्हणून तोंडी आश्वासनावर राहू नये.

आणखी एक मार्ग आहे. अहमदाबादच्या छारानगरात, म्हणजे आपल्यासारख्याच शिक्का मारलेल्या छारा समाजाच्या वस्तीत, १९९८ साली बुधन थिएटर सुरू झाले. बंगालमध्ये पोलीस कोठडीत मरण पावलेल्या बुधन शबर याच्यावरच्या नाटकाने तेथल्या तरुणांनी सुरुवात केली आणि पुढे दक्षिण बजरंगे यांच्यासारखे वस्तीतले लोक माहितीपटही काढू लागले. आजोबांना प्रश्न विचारणारा नातूच असेल, तर तो कुंपणाची जागा विचारणार नाही, कारण ती त्याला माहीत असते. गिरणीच्या पहिल्या पगारातून काय आणले, हे तो विचारील. मला तो चित्रपट पाहायचा आहे.

प्रश्न : आमच्या शाळेजवळ दर वर्षी दिवाळीनंतर ऊसतोड मजुरांच्या कोप्या पडतात. त्या मुलांच्या शिक्षणावर लहानसा माहितीपट करावा असे आम्हा दोन शिक्षकांच्या मनात आहे. टोळीच्या मुकादमाने आनंदाने परवानगी दिली. बहुतेक पालकांना लिहिता-वाचता येत नाही, त्यामुळे संमतिपत्रावर अंगठे घेतले आहेत. एवढे पुरेसे आहे काय? – एक शिक्षक, पंढरपूर तालुका

उत्तर : नाही, आणि आपण विचारले म्हणून बरे झाले.

मुकादमाची परवानगी म्हणजे कोप्यांत शिरण्याची सोय झाली, इतकाच तिचा अर्थ. ज्या जोडप्याने हंगामाआधी त्याच्याकडून उचल घेतली आहे आणि ती फिटेपर्यंत ज्यांचा कोयता त्याच्या टोळीला बांधलेला आहे, ते त्याच्यासमोर ‘आमचे चित्रीकरण करू नका’ असे म्हणणार नाहीत. अंगठा त्याच्या देखत घेतला असेल, तर तो पुन्हा घ्यावा लागेल. ते थळात, म्हणजे तोड चालू असलेल्या उसाच्या फडात, असताना, सायंकाळी गाडी भरायच्या घाईत, हे बोलणे काढू नये; पाऊस पडून तोड बंद असते त्या दिवशी कोपीत जावे, मुकादम नसताना जावे, आणि बाईशी वेगळे बोलावे, कारण होकार बहुधा पुरुष देतो आणि पडद्यावर बाई व मुले दिसतात.

अंगठ्याऐवजी मी ध्वनिमुद्रित संमती घेतो. हे चित्रण कशासाठी आहे, कोठे दाखवले जाईल, इंटरनेटवर गेले तर ते गावाकडे सोयऱ्यांनाही दिसेल, नंतर नको वाटले तर कोणत्या क्रमांकावर कळवायचे, हे सगळे त्यांच्या बोलीत सांगायचे आणि मग त्यांनी काय समजले ते त्यांनाच सांगायला लावायचे. ‘हो’ या एका शब्दावर थांबू नये. ‘टीव्हीवर येणार म्हणता ना?’ असे एखाद्याने विचारले, तर त्याला काहीच समजलेले नाही आणि दोष आपल्या सांगण्याचा आहे. दुसरी संमती संकलन झाल्यावर, चित्र दाखवून घ्यायची. हंगाम संपला की टोळ्या बीड, धाराशिवकडे परत जातात, म्हणून कच्चे संकलन पट्टा पडण्यापूर्वीच, म्हणजे हंगाम बंद होण्याआधीच, दाखवले पाहिजे. चित्रीकरणाचे वेळापत्रक त्यावरून ठरवा, शाळेच्या स्नेहसंमेलनावरून नव्हे.

मुलांच्या बाबतीत कायदाही आहे. बाल न्याय कायद्याच्या ७४ व्या कलमाप्रमाणे काळजी व संरक्षणाची गरज असलेल्या, तसेच एखाद्या गुन्ह्यात बळी किंवा साक्षीदार असलेल्या बालकाची ओळख प्रसारमाध्यमांतून उघड करता येत नाही. नाव, शाळा, पत्ता आणि छायाचित्र हे सगळे त्यात येते. लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणात पॉक्सो कायद्याचे २३ वे कलम याहून कडक आहे. आपल्या चित्रपटात अशी गोष्ट बोलण्याच्या ओघात आली, तर ती ठेवायची की नाही हा प्रश्नच उद्भवत नाही. एरवीही दहा वर्षांच्या मुलीने आज हसत हसत सांगितलेली गोष्ट ती वीस वर्षांची झाल्यावर तिच्या लग्नाच्या वेळी कोणीतरी मोबाईलवर काढून दाखवील, एवढा विचार करून पाहावा. मुलांचे हात, पाठीवरची दप्तरे, बैलगाडीच्या मागे धावणारे पाय यांवरही चांगला चित्रपट उभा राहतो.

प्रश्न : कोणता कॅमेरा घ्यावा? यंत्रमागावर काम करणाऱ्या मामांवर माहितीपट करायचा आहे. बजेट जवळजवळ नाही. – एक वाचक, सोलापूर

उत्तर : हातातला फोन पुरेसा आहे, असतील नसतील ते पैसे माईकवर घाला. प्रेक्षक धूसर चित्र सहन करतो, न ऐकू येणारे बोलणे सहन करीत नाही, आणि मागांच्या शेडमध्ये तर शेजारच्याचे बोलणेही ऐकू येत नाही; तेथे माणसे ओठांवरून आणि हातवाऱ्यांवरून बोलतात. तो खडखडाट वेगळा मुद्रित करून ठेवा आणि मामांची मुलाखत सुट्टीच्या दिवशी घरी घ्या. शेडमध्ये ट्यूबलाइट असतील, तर फोनचे शटर, म्हणजे एक चित्र टिपण्याचा वेळ, सेकंदाच्या पन्नासाव्या किंवा शंभराव्या भागावर बांधा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची असल्याने अन्य आकड्यांवर चित्रात पट्टे फिरताना दिसतात.

प्रश्न : चित्रीकरण केलेल्या व्यक्तीला पैसे द्यावेत काय? दिल्याने सत्य बिघडते असे म्हणतात. – बार्शी आणि सोलापूर येथून आलेली तीन पत्रे

उत्तर : बुडालेली मजुरी द्यावी, गोष्टीची किंमत देऊ नये, असा माझा रिवाज आहे. विडीवालीची दिवसाची मजुरी बुडत असेल तर ती भरून देण्याने सत्याला काही होत नाही. रडण्याचे पैसे मिळतात असे वस्तीत एकदा पसरले, की मात्र पुढच्या घरात रडणे तयार ठेवलेले असते, आणि त्यात दोष त्या घराचा नसतो. रक्कम आधी सांगावी, सगळ्यांना सारख्या हिशेबाने द्यावी आणि ती दिल्याचे चित्रपटाच्या शेवटी लिहावे. स्वतःचा प्रवास, जेवण आणि कॅमेऱ्याचे भाडे हिशेबात धरणारे लोक या एका खर्चापाशी आल्यावर अचानक तत्त्वनिष्ठ होतात, हे मी बरीच वर्षे पाहत आलो आहे.

प्रश्न : वस्तीत किंवा सभागृहात दाखवण्यासाठी सेन्सॉरचे प्रमाणपत्र लागते काय? – एक वाचक, अक्कलकोट

उत्तर : १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याप्रमाणे सार्वजनिक प्रदर्शनासाठी प्रमाणपत्र लागते, मग चित्रपट दहा मिनिटांचा का असेना. चित्रपट महोत्सवांना केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून सूट घेता येते. इंटरनेटवर ठेवलेल्या चित्रपटाला हे प्रमाणपत्र लागत नाही, पण तेथे २०२१ चे माहिती तंत्रज्ञान नियम आणि बदनामीसह इतर सर्व कायदे लागू असतात. ज्यांचे चित्रण केले त्यांना बोलावून कच्चे संकलन दाखवणे हा माझ्या समजुतीप्रमाणे निर्मितीचाच भाग आहे. हुतात्मा स्मृती मंदिरासारख्या सभागृहात जाहिरात करून खेळ लावायचा असेल, तर मात्र प्रमाणपत्राचे काम दोन-तीन महिने आधी हाती घ्या.

प्रश्न : चाळीस मिनिटांच्या माहितीपटासाठी आम्ही चाळीस तासांचे चित्रण केले. उरलेल्याचे काय करावे? हार्ड डिस्क भरत चालल्या आहेत. – दोन मित्र, सोलापूर

उत्तर : पुसू नका. ज्याला आपण ‘उरलेले’ म्हणता, ते त्या घरांच्या दृष्टीने चित्रपटाहून मोलाचे असते. आपल्या चित्रपटात आजीची दोन वाक्ये आली असतील. तिचे उरलेले पन्नास मिनिटांचे बोलणे, त्यात तिने म्हटलेली जात्यावरची ओवी, सुनेला मध्येच मारलेली हाक, हे तिच्या घराचे आहे. एक साधी वही करा : कोणाचे चित्रण, कोणत्या तारखेला, कोणत्या भाषेत, किती मिनिटे, कोणत्या फाइलमध्ये. सगळे दोन वेगवेगळ्या डिस्कवर, दोन वेगवेगळ्या घरांत ठेवा. एकाच टेबलाच्या एकाच खणात ठेवलेल्या दोन प्रती म्हणजे एकच प्रत. मग प्रत्येक घराला त्याचा भाग वेगळा काढून द्या.

तो देण्यातही चुका होतात. काही वर्षांपूर्वी एका जुन्या गिरणी कामगाराच्या घरी मी त्यांच्या मुलाखतीचा पेन ड्राइव्ह घेऊन गेलो. ते गृहस्थ त्याआधी दोन महिने वारले होते. सुना, मुली, नातवंडे, शेजारपाजारचे मिळून पंधरा-वीस माणसे दूरदर्शन संचासमोर बसली, कोणी चहा टाकला, कोणी फोटोचा हार सरळ केला, आणि पडद्यावर अक्षरे आली की ही फाइल चालू शकत नाही. मी संपादनातली मूळ फाइल तशीच उचलून नेली होती. शेवटी सगळ्यांनी माझ्या फोनभोवती डोकी घालून ती मुलाखत पाहिली. मागे बसलेल्यांना फक्त आवाज आला. तेव्हापासून मी देण्याच्या फाइली साध्या एमपीफोरमध्ये काढतो. बरेच जुने संच फॅट थर्टीटू पद्धतीने तयार केलेला पेन ड्राइव्हच वाचतात आणि त्यात चार जीबीहून मोठी फाइल मावत नाही, म्हणून लांब मुलाखतीचे दोन-तीन भाग करतो. पिशवीत एक एचडीएमआय केबलही ठेवतो, आणि घरी बोलावणे येण्याच्या आदल्या दिवशी आमच्या शेजाऱ्यांच्या बारा वर्षे जुन्या संचावर सगळे भाग एकदा चालवून पाहतो.